गंधर्वनगरीतले नाट्यगृह

पावसाळा सरता सरता पश्चिमेकडे ढगांचे बुरूज आणि गोपुरे उभी राहतात. आपले जुने लोक त्याला गंधर्वनगर म्हणत. क्षणात दिसते, क्षणात विरते. वेदान्त्यांनी हा शब्द जगाच्या मिथ्यापणाचा दाखला म्हणून वापरला. माझे लक्ष मात्र त्यातल्या 'गंधर्व' या अक्षरांवरच अडते. नगरच गाणाऱ्यांचे, तर तिथले गाण्याचे घर कसे असेल?

कल्पनेला मोकळे सोडले की ती आधी चमत्कार मागते. खांबाला बोट लागताच सूर उमटावा, घुमटाने एक हाक सातआठ वेळा परत द्यावी. पण हे चमत्कार बघायला आम्हां बेळगावकरांना ढगात जावे लागत नाही. हंपीला विठ्ठल मंदिरात बोलणारे खांब आहेत आणि विजापूरला गोलघुमट आहे. १६५६ साली वारलेल्या मुहम्मद आदिलशहाची ही कबर. वरच्या सज्जात भिंतीशी तोंड नेऊन कुजबुजले, तर सुमारे ३७ मीटर पलीकडच्या माणसाला ऐकू येते. शाळेच्या सहली तिथे आरोळ्या ठोकून येतात. मीही ठोकून आलो आहे. पण त्या घुमटाखाली भीमपलासाची एक आलापी करून पाहावी. 'नी'वर 'सा' पडतो, 'सा'वर 'ग', आणि शेवटी नुसता गलका उरतो. घुमटाला स्वतःचाच आवाज इतका मोठा, की दुसऱ्याचा त्याला पेलत नाही. अर्थात कबरीकडून मैफलीची अपेक्षा कोणी करावी?

देवांच्या नाट्यगृहाची हकिगत भरताने नाट्यशास्त्रात सांगितली आहे. पहिला प्रयोग उघड्यावर झाला. चिडलेल्या विघ्नांनी नटांची वाणी, हालचाल आणि स्मरणशक्तीच गोठवून टाकली. (विंगेत उभे राहिलेल्या प्रत्येकाला ही विघ्ने ओळखीची असतील.) इंद्राने ध्वजाच्या दांड्याने त्यांना झोडपले, आणि मग ब्रह्मदेवाने विश्वकर्म्याला नाट्यगृह बांधायला सांगितले. त्याच्या रक्षणाला देव नेमले: मंडपावर चंद्र, नेपथ्यात मित्र, वेदिकेपाशी अग्नी. नायकाचा सांभाळ इंद्राकडे, नायिकेचा सरस्वतीकडे, आणि विदूषकाचा? प्रत्यक्ष ओंकाराकडे.

दुसऱ्या अध्यायात भरत एकदम जमिनीवर येतो. देवांची घरे मनातून उभी राहतात, माणसांना मात्र मोजून बांधावे लागते, असे तो म्हणतो. मग मापे देतो. माणसांसाठी ६४ हात लांब, ३२ हात रुंद. याहून मोठे करू नका. आवाज अस्पष्ट होईल आणि चेहऱ्यावरचे भाव दिसणार नाहीत. आकार डोंगरातल्या गुहेसारखा, खिडक्या लहान, वारा आत न घुसणारा, म्हणजे आवाजाला गांभीर्य येते.

मी कागदावर हिशेब मांडला. हात दीड फुटाचा धरला तर लांबी ९६ फूट. त्यातली निम्मी प्रेक्षकांची. म्हणजे शेवटचा रसिक रंगमंचापासून ४८ फुटांवर. आवाज सेकंदाला सुमारे ३४० मीटर धावतो, तेव्हा हे अंतर तो सेकंदाच्या विसाव्या भागाच्या आतच कापतो. बाजूच्या भिंतीवरून परतलेला आवाज त्याच्या मागोमाग इतक्या लवकर येतो, की कान दोघांना एकच समजतो. शब्द भरदार होतो, फाटत नाही.

हेच कोडे १८९५ मध्ये अमेरिकेतल्या हार्वर्डला वॉलेस सॅबिन या तरुण प्राध्यापकापुढे आले. तिथल्या एका नव्या व्याख्यानगृहात आवाज साडेपाच सेकंद रेंगाळत असे. त्याने शेजारच्या थिएटरातल्या खुर्च्यांच्या गाद्या उचलून आणल्या आणि रात्री-रात्री जागून, किती गाद्यांना किती आवाज जिरतो ते मोजले. जागा जितकी मोठी तितका आवाज रेंगाळतो. गाद्या, पडदे, माणसे जितकी जास्त तितका तो लवकर विझतो. त्याच गणितावर बॉस्टनचे सिंफनी हॉल बेतले गेले आणि १९०० मध्ये उघडले. मला आमच्या वाड्याचा सोपा आठवला. सतरंजी, लोड, तक्के, दाटीवाटीने बसलेली माणसे आणि मातीच्या जाड भिंती. आजोबांचा अभंग परसातल्या आजीपर्यंत शब्दन् शब्द पोहोचत असे. तिथे सॅबिन कोणाला ठाऊक होता?

हे सारे मला सुचते त्याला कारण आहे. तीनेक वर्षांपासून माझे दोन्ही कान मंदावले आहेत. डॉक्टरांनी यंत्र दिले. ते आवाज वाढवते, शब्द सुटा करीत नाही. गुळगुळीत फरशीच्या, उंच छताच्या सभागृहात, चारी बाजूंनी कर्णे लावलेले असताना मी नाटकाला बसतो. विनोद होतो, माणसे हसतात, मग मी हसतो. मागे एकदा सौभाग्यवतींनी हळूच विचारले, "अहो, कळलं का काय म्हणाला ते?" मी मान डोलावली. त्यांनी ती मानली नाही. घरी आल्यावर पूर्ण प्रवेश म्हणून दाखवला.

गुर्लहोसूरच्या अण्णासाहेब किर्लोस्करांनी १८८० मध्ये 'संगीत शाकुंतल' उभे केले, तेव्हा सारे काही गळ्यावर आणि जागेवर भिस्तून होते. जागा चांगली हवी, हे शाहू महाराजांनी जाणले आणि कोल्हापुरात १९१५ मध्ये पॅलेस थिएटर पुरे केले, तेच पुढचे केशवराव भोसले नाट्यगृह. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री, केशवरावांच्या जयंतीच्या आदल्या दिवशी, ते आगीत सापडले. राखणीला नेमलेल्या अग्नीनेच घर गिळावे! त्या बातमीनंतर मला भरताचे वाक्य निराळे कळले. देवांची घरे मनातून पुन्हा उगवतील. आपली मोजून बांधावी लागतात, आणि जपावी लागतात.

म्हणून माझ्या गंधर्वनगरीत गाणारे खांब नाहीत की सात वेळा बोलणारा घुमट नाही. भिंती जाड, खिडक्या लहान, शेवटची रांग ४८ फुटांवर. ओंकाराच्या राखणीतला विदूषक तिथे हलक्या आवाजात काहीतरी पुटपुटतो, आणि त्या शेवटच्या रांगेतला अधू कानांचा म्हातारा सगळ्यांबरोबर हसतो. क्षणभरही उशीर न होता.