दोनशे ग्रॅमचे मोल

"डॉक्टर, आठवडाभरात बाळाचे वजन वाढलेच नाही. माझे दूध पुरत नसेल का?" हा प्रश्न मी अनेक वर्षे ऐकत आलो आहे. आईने बाळाला घेऊन घरच्या वजनकाट्यावर उभे राहावे, मग एकटीने उभे राहावे आणि वजाबाकी करावी, अशी रीत असते. माझ्याकडे येईपर्यंत घरात वरच्या दुधाचा विचारही सुरू झालेला असतो.

वाचकहो, अशा वेळी आधी मोजण्याकडे पाहावे. मोठ्यांच्या काट्यावर दोन नोंदींत मिळून दोनशे ग्रॅमची चूक सहज होते. साठ किलोच्या आईच्या वजनात ती एक टक्क्याचा तिसरा हिस्सा, नगण्यच. तीन किलोच्या बाळाच्या वजनात मात्र तीच चूक जवळजवळ सात टक्के ठरते. हीच सापेक्ष त्रुटी. सुरुवातीच्या महिन्यांत निरोगी बाळ दिवसाला साधारण २५ ते ३० ग्रॅम वाढते, म्हणजे आठवड्याला सुमारे दोनशे ग्रॅम. आठवड्याची सारी वाढ त्या चुकीत बुडून जाते!

म्हणून बाळाचे वजन बाळांसाठीच्या काट्यावर, दर वेळी त्याच काट्यावर आणि कपडे काढून करावे. पाचव्या दिवसानंतर बाळ चोवीस तासांत सहा किंवा अधिक वेळा लघवी करीत असेल आणि पिऊन तृप्त दिसत असेल, तर बहुधा दूध पुरते आहे. लघवी कमी झाली किंवा बाळ मलूल वाटले, तर काट्याची वाट न पाहता डॉक्टरांना दाखवावे. केवळ घरच्या वजाबाकीवरून आईचे दूध अपुरे ठरवू नये.