संकलनाच्या टेबलावर

माहितीपटाच्या संकलनाला बसलं की बहुतेक वेळा एकच सूचना येते : मुद्द्याचं तेवढं ठेवा. विषय पाण्याचा असेल तर मुलाखत देणाऱ्या बाई पाण्याबद्दल जे बोलल्या तेवढंच घ्या. बोलता बोलता मुलाला हाक मारली, कुकर बंद करायला उठल्या, ते काढून टाका. मी ते काढत नाही. ते काढलं की बाई नाहीशा होतात आणि पाणीटंचाईचं उदाहरण तेवढं उरतं.

आनंद पटवर्धनांचा ‘हमारा शहर’ (१९८५) मी पुन्हा पुन्हा पाहते. मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जात होत्या, त्या दिवसांतला हा माहितीपट. त्यात एक बाई कॅमेऱ्यामागच्या माणसालाच फैलावर घेते : आमची चित्रं काढून नाव तुमचं होणार, आमच्या पदरात काय? हा तुकडा सहज वगळता आला असता. तो ठेवला, म्हणून समोरची माणसं केवळ सोसणारी दिसत नाहीत, हिशेब मागणारीही दिसतात. याच माहितीपटात विलास घोगरे गातात. १९९७ साली घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० जण मारले गेले, त्यानंतर घोगरेंनी आत्महत्या केली आणि पटवर्धनांनी ‘जय भीम कॉम्रेड’ हाती घेतला. तो पुरा झाला २०११ मध्ये. माणसांना वेळ देणं म्हणतात ते हे.

मुंबईत कट अडतो तो आवाजापाशी. मागून लोकल जात असताना वाक्य मध्येच तोडलं, तर पुढच्या शॉटमध्ये गाडी अचानक गायब होते आणि कान दचकतो. म्हणून कुणी बोलत नसताना मिनिटभर नुसती खोली मुद्रित करून आणा, असा माझा ध्वनिमुद्रकाकडे आग्रह असतो. पंखा, शेजारचा टीव्ही, जिन्यावरची पावलं. भिंती किती पातळ आहेत, एकांत किती आहे, हे त्यातून कळतं. निवेदनातून एवढं कळत नाही. पार्श्वसंगीत घातलं की हे सगळं बुजतं. संगीताला माझा विरोध असतो तो एवढ्यासाठीच.

१६ मिमीच्या ४०० फुटी रिळात जेमतेम ११ मिनिटं मावत. आता कॅमेरा चालूच ठेवता येतो, आणि त्याचा मोठा लाभ आहे. प्रश्न संपले असं समजून माणूस कामाला लागतो, हात चालू होतात आणि छापील मराठी जाऊन घरची बोली येते. मी रशेसमध्ये, म्हणजे न कापलेल्या चित्रणात, ती जागा शोधते.

कट पक्का करण्याआधी तो त्या माणसांना त्यांच्याच वस्तीत दाखवायला हवा. जाँ रूश आणि एडगर मोरँ यांनी १९६१ च्या पॅरिसवरच्या माहितीपटात चित्रण त्यातल्या माणसांना दाखवलं, आणि पाहणाऱ्यांचे वादही त्यातच घेतले. आपल्याकडे आक्षेप येतात ते फार व्यवहारी असतात. खोली भाड्याची असेल तर मालकाबद्दलचं एक वाक्य खोली घालवू शकतं. असं वाक्य कितीही जोरकस असलं तरी मी काढते, आणि त्यासाठी दिग्दर्शकाशी भांडायचीही माझी तयारी असते.