मूळ खेळ जपणारी निवड
संगणकीय खेळात हौशी रचनाकारांनी घातलेली भर म्हणजे मॉड आणि अशा अनेक भरींचा क्रम व परस्परविरोध सांभाळणारी प्रणाली म्हणजे मॉड मॅनेजर. २०११ सालच्या ‘स्कायरिम’ या खेळासाठी व्होर्टेक्स ही प्रणाली सहसा हार्ड लिंक, म्हणजे मॉडच्या त्याच फाइलीची दुसरी नोंद, खेळाच्या फोल्डरात करते, मॉड ऑर्गनायझर २ मात्र खेळ चालू असेपर्यंतच टिकणारी आभासी फाइलरचना उभी करते, त्यामुळे मूळ फोल्डर जवळजवळ जसाच्या तसा राहतो. मीरा-भाईंदरमधील ज्या घरात एकाच संगणकावर अभ्यास, नोकरीचे काम आणि खेळ चालतात, तेथे हा दुसरा मार्गच निःसंशय श्रेयस्कर, कारण प्रयोग फसला तरी सारा खेळ पुन्हा उतरवून घ्यावा लागत नाही. खेळातील प्रगती साठवणाऱ्या सेव्ह फाइलींची प्रत मात्र वाचकांनी आधीच वेगळी ठेवावी.