ब्रेकपॅड, बिलांची फाईल आणि आमचा पोर्च



मागच्या वेळी उन्हाळी वाळवणांबद्दल लिहिलं होतं. आजचं कामही घरचंच आहे, फक्त ते स्वयंपाकघरात न होता पोर्चमध्ये झालं. आमच्या गाडीच्या पुढच्या चाकांचे ब्रेकपॅड आम्ही घरी बदलले. ‘आम्ही’ म्हणजे मी आणि माझ्या भावाचा मुलगा. त्याने मेकॅनिकलचा डिप्लोमा केलाय आणि तो कुपवाडच्या एमआयडीसीत नोकरीला आहे. आमचे हे खुर्ची टाकून बसले होते. ते का, ते पुढे येईलच.

आमची गाडी अकरा वर्षांची वॅगनआर. एप्रिलपासून ब्रेक दाबला की पुढच्या डाव्या चाकातून पाटीवर खडू घासावा तसा बारीक चीं आवाज यायचा. पाय काढला की बंद. भाच्याला फोनवर ऐकवला, तर तो म्हणाला, “आत्या, हा आवाज मुद्दाम ठेवलेला असतो. पॅडला लोखंडाची एक छोटी पट्टी असते. पॅड झिजत आला की ती डिस्कला घासते आणि ओरडते. कुकरची शिट्टी समज.”

मग त्याने मला सगळी रचना सांगितली. चाकाबरोबर एक लोखंडी तबकडी फिरते, ती डिस्क. तिच्या दोन्ही बाजूंना एकेक पॅड असतो, आणि ते दोन्ही ज्याच्या चिमटीत असतात तो कॅलिपर. आपण पेडल दाबलं की ब्रेक ऑइलच्या दाबाने पिस्टन पुढे सरकतो आणि पॅड डिस्कला दोन्हीकडून आवळतात. फिरती थाळी दोन बोटांत धरून थांबवावी, इतकं साधं. गाडीचा सगळा वेग तिथे उष्णता होऊन जातो. आणि वेग दुप्पट झाला की ही उष्णता चौपट होते. चाळीसच्या वेगात गाडी थांबवायला जेवढं काम पडतं, त्याच्या चौपट ऐंशीला. ब्रेक मारला की गाडीचं वजन पुढे झुकतं, म्हणून जास्त भार पुढच्या ब्रेकवर. आपल्याकडच्या बहुतेक लहान गाड्यांना मागे डिस्क नसते, ड्रम असतो. ते प्रकरण वेगळं, त्यात आम्ही हात घातला नाही.

घाई असण्याचं कारण धाकटी लेक. ती रत्नागिरीला असते, दुसऱ्या बाळंतपणासाठी तिला सांगलीला आणायचं होतं. वाटेत आंबा घाट. चातुर्मास आणि मोठा पाऊस सुरू व्हायच्या आत ती घरी यायला हवी होती. सातवा महिना लागलेली लेक मागच्या सीटवर बसणार आणि पुढच्या चाकातून हा असा आवाज!

गॅरेजला फोन केला. गाडी न बघताच तिकडून सांगण्यात आलं, “पॅड, डिस्क सगळंच बदलावं लागेल, साडेनऊ हजार धरून चला.” मी बी. कॉम. आहे, हे तुम्हा वाचणाऱ्यांना आता पाठ झालं असेल. घरातलं प्रत्येक बिल मी फाईलला लावते. फाईल काढली. दहाच महिन्यांपूर्वी त्याच गॅरेजचं सर्व्हिसिंगचं बिल होतं. त्यात ‘ब्रेक क्लीनिंग आणि ग्रीसिंग, ४५० रुपये’, आणि खाली शेरा: ‘फ्रंट पॅड ओके’.

भाचा म्हणाला, “आधी चाक काढून बघू. मग ठरव.”

ह्यांना ते अजिबात पसंत नव्हतं. “नको हे उद्योग. ब्रेक आहे तो, मिक्सर नव्हे.” त्यांचं म्हणणं चुकीचं नव्हतं. मिक्सर बिघडला तर चटणी राहते. पण मला वाटतं, त्यांना बोचत होतं ते वेगळंच. तीस वर्षं गाडी हे त्यांचं खातं. टायर, बॅटरी, पंक्चर, सगळं ते स्वतः बघायचे. दोन वर्षांपूर्वी अँजिओप्लास्टी झाली, गुडघे तर त्याआधीच गेले होते. तेव्हापासून गाडी मी चालवते आणि ते शेजारी बसतात. शेजारी बसून उजवा पाय मात्र सारखा खाली दाबत असतात, जणू तिथेही एक ब्रेक आहे. त्यावरून मी त्यांना कधी चिडवत नाही.

रविवारी सकाळी देवदर्शन आटोपून कामाला लागलो. आधी पोर्च मऊ झाडूने झाडून घेतला. कडेच्या कुंड्यांपाशी मुंग्यांची रांग होती, म्हणून गाडी दोन हात अलीकडे घेतली. जमीन सपाट होती, ते महत्त्वाचं, उतारावर हे काम कधीच करू नये. हँडब्रेक ओढला, पहिला गिअर टाकला, मागच्या चाकांना दोन्हीकडून विटा लावल्या. चाकाचे नट गाडी उचलण्याआधीच थोडे ढिले केले, कारण चाक हवेत गेलं की ते नटाबरोबर फिरतं. मग जॅक लावला. भाच्याने येताना लोखंडी जॅक स्टँड आणले होते. गाडी त्यांच्यावर टेकल्याशिवाय त्याने मला जवळ येऊ दिलं नाही. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली हात घालायचा नाही, हा त्याचा पहिला नियम. काढलेलं चाकही त्याने आडवं करून गाडीखाली सरकवलं. न जाणो, स्टँड घसरलाच तर गाडी चाकावर बसेल, माणसावर नाही.

चाक निघालं आणि बाहेरचा पॅड दिसला. चांगला पाच मिलिमीटर होता. हे म्हणाले, “बघा, म्हटलं होतं ना, ठीक आहे.” भाचा काही बोलला नाही. त्याने कॅलिपरचा खालचा बोल्ट सोडवला, कॅलिपर वर उचलला आणि आतला पॅड काढून माझ्या हातात दिला. त्यावर जेमतेम दोन मिलिमीटर मसाला उरला होता, एका कडेला तर त्याहून कमी. नवा पॅड साधारण दहा मिलिमीटरचा असतो आणि तीनवर आला की बदलायचा.

दोन पॅडमध्ये एवढा फरक का, तर कॅलिपर ज्या दोन पिनांवर सरकतो, त्यांतली एक गंजून जाम झाली होती. कॅलिपर सरकेना, त्यामुळे पिस्टनच्या बाजूचा, म्हणजे आतला पॅड एकटाच घासत राहिला. पिनेवरचं रबर काढलं, तर आत ग्रीसचा थेंब नाही. नुसती लाल पूड.

आम्हाला ऑडिटिंगच्या पेपरला व्हाउचिंग आणि व्हेरिफिकेशन अशी दोन वेगळी प्रकरणं होती. व्हाउचिंग म्हणजे नोंदीमागे कागद आहे का ते बघायचं. व्हेरिफिकेशन म्हणजे कागदावरची वस्तू खरोखर जागेवर आहे का ते प्रत्यक्ष जाऊन बघायचं. माझ्याकडे साडेचारशे रुपयांचा कागद होता. ग्रीस नव्हतं. बाहेरचा पॅड चाकाच्या फटीतून दिसतो, तेवढा पाहून ‘ओके’ लिहिलं गेलं असणार. आतला बघायचा तर खाली वाकावं लागतं.

भाच्याने कामावरून व्हर्नियर आणला होता. डिस्कची जाडी किमान किती हवी, हे डिस्कवरच कोरलेलं असतं. आमच्या दोन्ही डिस्क त्या आकड्याच्या बऱ्याच वर होत्या, चरे नाहीत, तडा नाही. म्हणजे डिस्क बदलायची गरजच नव्हती.

पुढचं काम मी हाताने केलं. तो सांगत होता, मी करत होते. कॅलिपर तारेने वर बांधून ठेवला, कारण तो रबरी नळीवर लोंबकळला तर नळी आतून दुखावते. ब्रेकची काळी धूळ फुंकायची नाही, हवेने उडवायची नाही. जुन्या पॅडमध्ये अस्बेस्टॉस असायचा, आणि नुसती धूळही फुप्फुसाला वाईटच. तोंडाला मास्क लावून ब्रेक क्लीनर आणि ओल्या फडक्याने पुसलं. पिना घासून उजळल्या, त्यांना सिलिकॉनचं खास ग्रीस लावलं. साधं ग्रीस तिथल्या उष्णतेला टिकत नाही आणि रबर फुगवतं. पॅडच्या तोंडाला किंवा डिस्कला ग्रीसचं बोटसुद्धा लागता कामा नये. लागलंच तर पुसून पुढे जायचं नाही, तो पॅड बाद.

मी प्रत्येक बोल्ट, प्रत्येक पिन काढल्या क्रमाने थाळीत मांडत होते, भाचा हसायला लागला. मी म्हटलं, अरे, मुनीमहाराजांच्या पाच समितींतली आदाननिक्षेपण समिती कशासाठी आहे? वस्तू उचलताना आणि ठेवताना बघून उचलायची, बघून ठेवायची. श्रावकाला तेवढी कडक नसेल, पण चौदाच्या पान्याच्या कामात फार उपयोगी पडते.

नवा पॅड जाड, म्हणून पिस्टन परत आत ढकलावा लागतो. जुना पॅड मध्ये धरून सी-क्लॅम्पने हळूहळू दाबला. त्याआधी बॉनेट उघडून ब्रेक ऑइलच्या डबीचं झाकण सैल केलं आणि भोवती फडकं ठेवलं. पिस्टन मागे गेला की ऑइल डबीत चढतं. पॅड झिजत गेल्यामुळे पातळी उतरली असेल आणि मध्ये कुणी वरून भर घातली असेल, तर आता ते उतू जातं. गाडीच्या रंगावर सांडलं तर रंगच उचलतं.

उजव्या चाकाचे पॅड चार-चार मिलिमीटर, सारखे झिजलेले होते. तरी तेही बदलले. एका बाजूला नवे आणि एका बाजूला जुने ठेवले तर गाडी ब्रेक मारताना एकीकडे ओढते. शेवटी चाकं चढवली, नट समोरासमोर असे आळीपाळीने आवळले, गाडी खाली आल्यावर टॉर्क पान्याने पुस्तकातल्या आकड्यापर्यंत.

मी गाडीत बसायला निघाले, तेवढ्यात हे खुर्चीवरून उठले. “पेडल मी मारतो.” दोन वर्षांनी ते ड्रायव्हरच्या जागेवर बसले. इंजिन बंदच होतं. पहिल्यांदा पेडल थेट तळाला गेलं. मैत्रिणींनो, हे लक्षात ठेवा, पॅड बदलल्यावर पहिलं पेडल असंच रिकामं जातं, कारण पिस्टन मागे असतो. न मारता गाडी रस्त्यावर काढली तर पहिल्या वळणावर ब्रेकच लागत नाही. दुसऱ्यांदा अर्ध्यावर आलं. चौथ्यांदा घट्ट. “आता धरला,” हे म्हणाले, आणि आणखी दोनदा उगाचच मारलं. मग स्वतः उतरून ऑइलची पातळी बघितली.

पॅड १३५०, ग्रीस १६०, ब्रेक क्लीनर २९०, एकूण १८०० रुपये. मजुरीत भाच्याला शेवयांची खीर, आणि सूर्यास्ताच्या आत सगळ्यांचं जेवणही उरकलं.

हे वाचून उद्याच जॅक काढू नका. शेजारी जाणता माणूस नसेल तर फक्त बघण्यापुरतंच ठेवा, आणि गॅरेजमध्ये ‘आतला पॅड काढून दाखवा’ म्हणा. पेडल मऊ लागतं, ऑइल गळतंय, नळीला भेगा आहेत, किंवा गाडीला इलेक्ट्रिक हँडब्रेक आहे, अशी कामं घरची नव्हेतच.

नवे पॅड लगेच घाटात न्यायचे नसतात. पहिले दोन-तीनशे किलोमीटर हलक्या हाताने ब्रेक लावून ते डिस्कवर बसू द्यायचे. म्हणून पंधरा दिवस गावातच फिरवली, कुंभोजला बाहुबलीचं दर्शन घेऊन आले. मग रत्नागिरी. आंबा घाट दुसऱ्या गिअरमध्ये उतरले, ब्रेकवर पाय ठेवून नाही, लागेल तिथे दाबून सोडत. प्रत्येक वळणाला शेजारचा पायही दाबला जात होताच. साखरप्याला थांबून हे खाली उतरले आणि दोन्ही चाकांजवळ हात नेऊन बघितला. ऊब दोन्हीकडे सारखी होती, जळका वास नव्हता.

लेक आता घरी आहे. गाडीच्या वहीत ह्यांनी स्वतःच्या अक्षरात नोंद केली आहे: पॅड बदलले, किलोमीटर ७८,४१२, डाव्या पिनेला ग्रीस. दिवाळीत चाक काढून पुन्हा बघणे. ब्रेक ऑइलला दोन वर्षं झाली, ते गॅरेजमध्ये बदलून घेणे, समोर उभं राहून.