बाटिक, करवती आणि कॅनव्हासचे जोडे

परवा कचेरीतून घरी आलो तर घरात खडाजंगी. एका बाजूला आमची आई, दुसऱ्या बाजूला कॉलेजात जाणारी कन्या. कारण काय, तर इंडोनेशिया!

कन्येने मोबाईलवर तिकडच्या मुली पाहिल्या. अंगात टी-शर्ट, पायात पांढरे कॅनव्हासचे जोडे आणि कमरेला आजीच्या वेळचे बाटिक गुंडाळलेले. (वाचकहो, ज्या जावा बेटावर बोरोबुदूरचा स्तूप आहे, तिथलीच ही मेणाने नक्षी काढून रंगवायची कला.) २ ऑक्टोबर २००९ ला युनेस्कोने बाटिकला मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशात घेतले. तेव्हापासून तो दिवस तिकडे बाटिक दिन म्हणून पाळतात आणि तरुण पोरेही हौसेने ते घालतात.

झाले! येत्या जयंतीला आपणही आंधळगावची करवती साडी नेसणार आणि खाली जोडे घालणार, असे कन्येने जाहीर केले.

"जोडे घालून लुगडं नेसते का कोनी? लोक हासतीन!" आई कडाडली.

"आजी, डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांनीच बायांना सांगितलं होतं, जातीची खूण सांगणारं नेसणं अन् दागिने टाका म्हणून. तेव्हाबी लोक हासलेच असतीन!"

आई गप्प झाली. मग हळूच म्हणाली, "आंधळगाव इथून हाकेवर. पन माह्या मायनं जनमभर जुनेर नेसलं. कोशाले कधी हात लावला नाही."

आम्हालाच लाज वाटली. मोहाडीत जन्म गेला, पण कोसा कसा विणतात हे कधी पाहिले नव्हते. रविवारी मुलीला घेऊन गेलो. अंग टसरचे, काठ सुती, आणि काठावर करवतीसारखे दाते. ते दाते जुळवायला तीन धोटे लागतात. अंगाचा एक, काठांचे दोन. पाहता पाहता आमचे डोळे थकले, विणकरदादाचे हात थकेनात. मुलगा शिकतो का हे काम, विचारले. तो नागपूरला कंपनीत लागला म्हणाले. शेजारचा माग बंदच होता, त्यावर गोधड्या वाळत घातल्या होत्या.

किंमत ऐकली आणि आम्ही खिशातला हात खिशातच ठेवला. कारकुनाच्या पगारात घराचा हप्ता आधी. दादांची किंमत जास्त होती असे मात्र आम्ही म्हणणार नाही. दिवस मोजले तर कमीच.

कन्या परतताना बोलली नाही. रात्री आली आणि म्हणाली, "बाबा, नवा मोबाईल हप्त्यावर घेऊन मागत होती ना, तो राहू द्या. शिकवणीचे माझे पैसे आहेत, अर्धे तुम्ही टाका. साडी आधी आजी नेसेल, मग मी."

आईने ऐकले. साडीला तिची ना नाही. जोड्यांचे मात्र अजून ठरलेले नाही.