गादी न सोडलेला शेठ

दिवाळी आटोपली की हिंगणघाटच्या बाजारात कापसाच्या गाड्यांची रांग लागते. व्यापारी गाडीपाशी येतो, ढिगातून चिमूटभर कापूस उचलतो, दोन्ही हातांच्या चिमटीत धरून हळूच ओढतो. धागा किती लांब निघतो ते डोळ्यांजवळ नेऊन बघतो आणि भाव बोलतो. तेवढा वेळ शेतकरी त्याच्या बोटांकडे बघत उभा असतो. वर्षाचा घाम त्या चिमटीत असतो. हा खेळ बघताना मला हटकून जमनालाल बजाज आठवतात.

वर्ध्यात त्यांची आठवण निघते ती त्यागी माणूस म्हणून. मला मात्र त्यांच्यातला व्यापारी अधिक खुणावतो. सीकरजवळच्या काशी का बास या खेड्यात १८८९ साली जन्मलेलं हे पोर लहानपणीच वर्ध्याच्या शेठ बच्छराजांकडे नातू म्हणून दत्तक आलं. शहर तेव्हा नवंच, पालकवाडीच्या जागी १८६६ मध्ये वसवलेलं. त्याच्या थोडं आधी अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस अडला आणि लँकेशायरच्या गिरण्यांना आमची काळी माती आठवली. मागोमाग रेल्वे आली. गाठी मुंबईला जायच्या, तिथून जहाजावर चढायच्या. आमच्या पऱ्हाटीचं नशीब असं सातासमुद्रापार बांधलं गेलं.

सतराव्या वर्षी आजोबांशी खटका उडाला, तेव्हा जमनालालांनी चिठ्ठी लिहून त्यांच्या संपत्तीवरचा हक्क सोडला आणि अंगावरच्या कपड्यांनिशी घर सोडलं. बच्छराजांनी समजूत काढून परत आणलं. पोरगा परतला, गादीवर बसला; पण मला वाटतं, पैसा आपला नाही हा निकाल त्याने त्याच दिवशी लावून टाकला होता. म्हणूनच पुढे तो पैसा त्यांना बिनधास्त हाताळता आला.

१९२० च्या नागपूर काँग्रेसचे ते स्वागताध्यक्ष झाले, काँग्रेसचे खजिनदार झाले. रायबहादुरकी सरकारला परत केली. १९२३ च्या झेंडा सत्याग्रहात तुरुंगात गेले. गांधीजींनी त्यांना पाचवा मुलगा मानलं. १९२८ मध्ये घराण्याचं लक्ष्मीनारायण मंदिर दलितांना खुलं केलं, तेव्हा सनातन्यांचा रोष ओढवून घेतला. गांधीजींना वर्ध्याला आणलं, मगनवाडीची जागा दिली. १९३६ मध्ये गांधीजी शेगावला राहायला गेले, ते गावही जमनालालजींच्याच मालगुजारीतलं. तेच आजचं सेवाग्राम. आणि या सगळ्या धामधुमीत, १९३१ मध्ये, गोला गोकर्णनाथला त्यांचा साखर कारखाना उभा राहिला! इथेच आपण गडबडतो. खादी घालणारा, तुरुंग भोगणारा माणूस नफ्याचा हिशेब कसा मांडतो? आपल्याला साधू तरी हवा असतो, नाहीतर शेठ तरी. जमनालालजींनी गादी सोडली नाही, फक्त जमेच्या रकमेवरचं नाव बदललं.

शेठने संपत्ती समाजाची ठेव म्हणून सांभाळावी, या गांधीजींच्या विश्वस्तपणाच्या कल्पनेवर माझा पुरता विश्वास बसत नाही. शेठ भला निघाला तर ठीक. नाही निघाला तर चिमटीकडे बघत उभ्या असलेल्या शेतकऱ्याने काय करायचं? चांगुलपणा काही वारसाहक्काने उतरत नाही, आणि कुणाच्या चांगुलपणावर बाजार सोडता येत नाही. हा आक्षेप जमनालालजींच्या चरित्राने मिटत नाही.

अखेरच्या दिवसांत गोसेवेला वाहून घेऊन ते गोपुरीतल्या झोपडीत राहत होते. ११ फेब्रुवारी १९४२ ला गेले. पाचच महिन्यांनी वर्ध्यातच काँग्रेसच्या कार्यकारिणीने इंग्रजांनी देश सोडावा असा ठराव केला. शेठजी ते बघायला नव्हते.

धंदा सोडून बैरागी होणारे पुष्कळ, राजकारणात शिरून धंदा वाढवणारे त्याहून पुष्कळ. गादीवर बसूनच तिसरी वाट काढणारा एक आमच्या जिल्ह्यात होऊन गेला. म्हणून मत मागायला दारात येणाऱ्या प्रत्येक व्यापाऱ्याचा धागा ओढून बघायचा हक्क आम्हा वर्धेकरांना आहे. तो आम्ही फारसा वापरत नाही, ही गोष्ट वेगळी.