चुंबकाचा डोंगर

भर समुद्रात एक काळाकभिन्न डोंगर. जहाज त्याच्या टापूत आलं की फळ्यांतले खिळे आपोआप उपटून त्याच्याकडे झेपावतात, जहाज खिळखिळं होतं आणि माणसं पाण्यात पडतात. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी मराठीत आणायला घेतलेल्या अरबी सुरस गोष्टींच्या दुनियेतला हा चुंबकाचा डोंगर. मालवणच्या किनाऱ्यावर उभं राहून ही गोष्ट आठवली, की ती मला कधी परकी वाटत नाही. तिचं मूळ याच समुद्रात, इथल्यासारख्याच होड्यांत आहे.

दुसऱ्या शतकात भूगोलकार टॉलेमीनं पूर्वेकडच्या काही बेटांबद्दल लिहून ठेवलं, की लोखंडी खिळ्यांची जहाजं तिथं अडकून पडतात. राजा भोजाच्या नावावर असलेला ‘युक्तिकल्पतरु’ तर स्पष्ट बजावतो : समुद्रात जाणाऱ्या नौकेच्या फळ्या लोखंडानं जोडू नका, पाण्यातला लोहकांत, म्हणजे चुंबक, त्यांना ओढून घेईल. या समुद्रात बिनखिळ्यांची जहाजं फिरत होती, त्याचं कारण हवं होतं, आणि लोकांनी एक आख्खा डोंगर उभा केला.

खरं कारण सुंभात होतं. फळीच्या कडेला भोकं पाडायची, दोन फळ्या कडेला कडा लावून बसवायच्या, सांध्यावर काथ्याची वळी ठेवायची आणि सुंभानं करकचून शिवत जायचं. मग भोकं बुजवायची, तेल पाजायचं. कोकण-गोव्याच्या किनाऱ्यावर रापणीसाठी, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायच्या मोठ्या जाळ्यासाठी, अशा शिवलेल्या होड्या वापरत आले. रापणीची होडी धक्क्याला लागत नाही. जाळं घेऊन ती लाटा फोडत आत जाते आणि परत येताना थेट रेतीवर आदळते. खिळ्यांनी जखडलेली फळी अशा आदळण्यानं चिरते. शिवलेली होडी थोडी दबते, थोडी वाकते, धक्का अंगभर वाटून घेते. खारं पाणी खिळ्याला खातं, नारळाचा काथ्या मात्र त्या पाण्यात टिकतो. टाके ढिले झाले की सुंभ काढून त्याच फळ्या पुन्हा शिवता येतात. हे सगळं ज्या हातांना ठाऊक होतं त्यांनी ग्रंथ लिहिले नाहीत, म्हणून त्यांच्या शहाणपणाचं श्रेय एका दगडाला गेलं. मला याचं मनापासून वाईट वाटतं.

सहाव्या शतकातला इतिहासकार प्रोकोपिअस यानं मात्र डोंगराची गोष्ट फेटाळली होती. तांबड्या समुद्रात रोमनांची खिळे ठोकलेली जहाजं सुखरूप फिरतात, तेव्हा चुंबकबिंबक काही नाही, असा त्याचा रोकडा युक्तिवाद. पण पुढं तो म्हणतो, की हिंदी लोकांकडे लोखंडच नाही म्हणून ते होड्या शिवतात. जिथलं पोलाद दूरच्या बाजारात नावाजलं जात होतं, त्या देशाबद्दल हे!

आणि चुंबक? तो आहे, आमच्या पायाखाली आहे. पाऊस सरल्यावर किनाऱ्यावर काळ्या रेतीचे पट्टे दिसतात. हलकी रेती लाटा घेऊन जातात, जड कण मागं राहतात. जुन्या स्पीकरमधलं चुंबक दोरीला बांधून पोरं त्यातून फिरवतात, तेव्हा त्याला काळी दाढी फुटते. तो मॅग्नेटाइट. सह्याद्रीच्या काळ्या पत्थरातून तो सुटतो आणि गडनदी, कर्ली अशा नद्या त्याला समुद्रावर आणतात. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हा थंड होताना त्यातल्या या खनिजानं पृथ्वीच्या चुंबकत्वाची त्या क्षणाची दिशा आपल्यात गोठवून घेतली. 1950 च्या दशकात मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतले सहस्रबुद्धे आणि त्यांचे सहकारी, तसेच इंग्लंडमधले संशोधक, दख्खनच्या पाषाणातली ही दिशा मोजत होते. कातळाचं उत्तर असं निघालं, की तो थिजला तेव्हा ही भूमी विषुववृत्ताच्या दक्षिणेला होती. ती सरकत सरकत इथवर आली आहे. किती तरी खडकांत तर उत्तर-दक्षिण उलटी नोंदलेली आहे, कारण त्या काळात पृथ्वीचे चुंबकीय ध्रुवच उलटे होते. खिळे उपटणारा डोंगर यापुढं मला फार साधा वाटतो. रेतीत नुसता सुटा कण उरतो, ती दिशा त्याच्याबरोबर येत नाही. ती वाचायची तर सह्याद्रीतल्या अभंग कातळाकडेच जावं लागतं.

लोखंडाचा डोंगरही आमच्याकडे होता. वेंगुर्ल्याच्या दक्षिणेला, गोव्याच्या सीमेलगत, रेडीला तो समुद्राच्या अगदी कडेला उभा होता. तिथलं खनिज मुख्यतः हेमॅटाइट, चुंबकाला जेमतेम दाद देणारं. त्यानं कुणाच्या होडीचा एक खिळा ओढला नाही. 1976 मध्ये तिथल्या लोखंडाच्या खाणीच्या परिसरात द्विभुज गणपतीची मूर्ती सापडली आणि आज दर्शनाला दूरदूरची माणसं येतात. डोंगर मात्र टोपल्यांतून, ट्रकांतून बंदरावर उतरला आणि लोखंडी जहाजांत भरून परदेशी गेला. गोष्टीत डोंगर जहाजं मोडतो. रेडीत जहाजांनी डोंगर नेला.

रेडीसारखीच खाण दोडामार्ग तालुक्यातल्या कळण्यालाही आली, आणि लोकांनी तिला विरोध केला. तिथं जुलै 2021 च्या अतिवृष्टीत खाणीचा बांध फुटला आणि लाल चिखल लोकांच्या शेतात, बागायतीत शिरला.